गोळा, मी आणि बासष्ट हरकती

तीर्थस्वरूप मावशीस,

दोन्ही हात जोडून नमस्कार. (उजवा खांदा जरा भरून आला आहे, त्यामुळे उजवा हात डाव्यापेक्षा बोटभर खाली जुळला आहे. त्यात अनादर नाही, सराव आहे.) तुझा गुडघा कसा आहे? डॉक्टरांनी जिने चढू नका म्हटल्यापासून तू मुद्दाम वरच्या मजल्यावरच्या शेजारणीकडे जाऊन बसतेस, असं धाकट्या मामीकडून कळलं. जाऊ नकोस असं मी सांगणार नाही. एक तर तू ऐकणार नाहीस, आणि दुसरं म्हणजे आपल्या घरातल्या बायका कोणाचं ऐकणाऱ्या असत्या तर हे पत्र लिहायची वेळच आली नसती. इकडे सगळे बरे. हे दुकानात घड्याळांच्या पोटात डोकं घालून बसलेले असतात. लेकीला एकोणीस पूर्ण झाली, इमारतींचे नकाशे काढायला शिकते आहे. मी लाँड्रीत होते तशीच आहे. एकूण सगळं क्षेम आहे, फक्त मी बाई आहे की नाही याबद्दल गावात मतभेद आहेत.

घाबरू नकोस. पाणी पी, चष्मा पूस आणि सावकाश वाच. मी जन्मले तेव्हा मला पायाला धरून उलटी करून पाठीत पहिली चापट तू मारलीस, तेव्हा निदान तुझ्या मनात तरी शंका नसावी. पण लोकांचं तसं नाही. लोकांना हातच्या काकणालाही आरसा लागतो, आणि आरसा दिला की तो कोणत्या कंपनीचा ते विचारतात.

सुरुवातीपासून सांगते. आमची लाँड्री म्हणजे शर्टाला इस्त्री करून देणारं दुकान नव्हे, हे तुला एकदा सांगितलं होतं, पण तू अजून चारचौघांत 'भाची इस्त्री करते' म्हणतेस म्हणून पुन्हा सांगते. आमच्याकडे तीन इस्पितळांच्या चादरी येतात. यंत्रातून निघालेला ओल्या चादरींचा गठ्ठा साधारण आमच्या ह्यांच्या वजनाचा भरतो. तो मी दिवसातून चाळीस वेळा उचलून दुसऱ्या यंत्रात टाकते, गेली बावीस वर्षं. (ह्यांना मात्र एकदाच उचललं, जिन्यात पाय मुरगळला तेव्हा. ते अजून तो विषय काढू देत नाहीत.) बावीस वर्षं असं केल्यावर माणसाच्या खांद्यांचं जे व्हायचं ते माझ्या खांद्यांचं झालं, शिवाय मूळचे खांदे तुझ्याकडून आलेलेच होते. म्हणून गावातल्या सात कारखान्यांच्या वार्षिक क्रीडास्पर्धेत (तिथे कामगारांच्या घरच्यांनाही नाव देता येतं) बायकांसाठी गोळाफेक ठेवा असा मी अर्ज केला. तोवर बायकांना काय होतं, तर संगीतखुर्ची, चमच्यात गोटी ठेवून चालणं आणि सुईत दोरा ओवणं. माईकवाला पुरुषांच्या वेळी 'ताकद', 'जिद्द', 'पोलाद' असं ओरडायचा आणि आमच्या वेळी, 'आता आपल्या भगिनींचा हलकाफुलका कार्यक्रम' म्हणून आवाज मऊ करायचा. तीन वर्षांत तीन अर्ज केले. पहिल्याला उत्तर आलं नाही, दुसऱ्याला 'भगिनींना इजा होईल' असं आलं, आणि तिसरा मी स्वतः नेऊन दिला आणि समितीच्या टेबलाची एक बाजू उचलून खाली सांडलेला कागद काढून दिला, तेव्हा मंजूर झाला.

मागच्या वर्षी पहिली फेक झाली. समितीच्या सचिवांनी (फार सभ्य गृहस्थ, 'बनियन' हा शब्दसुद्धा हळू आवाजात म्हणतात) बायकांसाठी चुन्याच्या रेघा आखल्या त्या आठ मीटरपर्यंतच. त्यापुढे पाहुण्यांच्या खुर्च्या. माझा गोळा पडला दहा मीटर चार सेंटिमीटरवर, म्हणजे प्रमुख पाहुण्यांचे बूट आणि सरबताचा जग यांच्या बरोबर मध्ये. कोणाला लागलं नाही. पाहुण्यांनी पाय जे वर घेतले ते बक्षीस समारंभापर्यंत खाली ठेवले नाहीत, एवढंच. दुसरी आली साबण कारखान्याच्या स्वागतकक्षातली मुलगी, सहा मीटर दहा. मुलगी गुणी आहे, तिचा पुढच्या कशातच दोष नाही. (साबण कारखाना आमच्या अगदी समोर. तिकडे साबण होतो आणि आमच्याकडे तो संपतो, पण क्रीडास्पर्धेत दोघांचं हाडवैर.)

मग स्मरणिका निघाली. मुखपृष्ठावर कोण? दुसरी आलेली. गोळा गालाशी धरून हसते आहे, खाली 'आमची शक्ती'. मी आत, सतराव्या पानावर, तिकिटाएवढी, आणि इतकी गोरी की आमच्या ह्यांनी भिंग लावून पाहिलं आणि ही कोण म्हणून विचारलं. माझा रंग तुला ठाऊक आहे, तुझाच आहे. मी छापखान्यात गेले. तो छापखानेवाला बिचारा म्हणाला, "बाई, जरा उजळ केलं, बरं दिसावं म्हणून." मी विचारलं, पुरुषांनाही उजळ केलंत का? तर म्हणे नाही, रस्सीखेचवाल्यांना उलट दोन छटा गडद केलं, राकट वाटावेत म्हणून. म्हणजे बघ मावशी, तोच काळा रंग त्यांच्या अंगावर गेला की पराक्रम आणि माझ्या अंगावर राहिला की डाग. मी त्याला म्हटलं, माझा रंग मला परत दे, तो पुरुषांना वाटायला मी दिलेला नव्हता. त्याला काही समजलं नाही, पण त्याने चहा पाजला.

हे सगळं मी गिळलं असतं. बक्षिसाचा कप लहान होता (पुरुषांच्या कपात बायकांचे तीन मावतात, मी घालून पाहिले), तोही गिळला. पण या वर्षी नावं दिली आणि आठ दिवसांत साबण कारखान्याच्या व्यवस्थापकांची लेखी हरकत आली. त्यांचंच वाक्य उतरवून देते, मला तोंडपाठ आहे: 'सदर स्पर्धकाची अंगयष्टी, आवाज, वर्ण व ओठावरील केस पाहता तिच्या स्त्री असण्याविषयी वाजवी शंका उत्पन्न होते.' मावशी, ओठावरच्या केसांचं म्हणशील तर आहेत, दहा-बारा आहेत, उन्हात दिसतात. आवाज यंत्रांच्या वर काढावा लागतो म्हणून मोठा आहे. पण वर्णाने बाईचा पुरुष कसा होतो, हे मला त्या व्यवस्थापकांनी वहीत आकृती काढून समजावून सांगावं. उचलली जीभ आणि लावली टाळ्याला, आणि टाळ्याला लावून भागलं नाही म्हणून कागदावर उतरवली.

समितीने मला बोलावलं. अध्यक्ष म्हणजे निवृत्त कामगार अधिकारी, स्वतः ज्येष्ठांच्या जलद चालण्यात दरवर्षी पहिले येतात. ते म्हणाले की व्यक्तिशः त्यांना शंका नाही, पण खात्री पाहिजे. मी ओळखपत्र दिलं, त्यावर 'स्त्री' छापलं आहे. सचिव खाली बघत म्हणाले की ते तुम्हीच भरून दिलेल्या माहितीवरून छापलेलं असतं. आमचे हे दुकान बंद करून आले होते. त्यांनी उभं राहून सांगितलं की चोवीस वर्षं संसार झाला, काही वेगळं असतं तर एव्हाना लक्षात आलं असतं. समितीने नोंद केली की पतीची साक्ष निष्पक्ष धरता येत नाही. (हे घरी येईपर्यंत पुटपुटत होते, 'चोवीस वर्षांत माझं एकही मत तिने धरलं नाही, आणि मी पक्षपाती.') आणि मग मी ती चूक केली. चूक मोठी आहे, तुझ्यापासून लपवत नाही. मी लेकीला बरोबर नेलं होतं. बाहेर बाकावर बसवलं होतं. मी तिला आत बोलावलं, तिच्या दंडाला धरून टेबलासमोर उभं केलं आणि म्हटलं, ही मी जन्माला घातली, आणखी काय पाहिजे?

ती माझ्यासारखीच आहे. तेच खांदे, तोच रंग. गेलं वर्षभर संध्याकाळी ती लाँड्रीमागच्या मैदानात माझ्याबरोबर गोळा फेकते, आणि खरं सांगायचं तर तिचा हात माझ्यापेक्षा सरळ सुटतो. हरकत घेणारे म्हणून तिथे बसलेल्या साबणाच्या व्यवस्थापकांनी तिला डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "मग हिच्याबद्दलही तेच विचारावं लागेल." दोघंतिघं हसले. सचिव हसले नाहीत, पण काही बोललेही नाहीत. मी तरी काय बोलले? लेकीने माझ्या हातातून दंड सोडवून घेतला आणि बाहेर गेली. त्या दिवसापासून ती माझ्याबरोबर मैदानावर आलेली नाही. घरात माझ्याशी कामापुरतं बोलते. एवढ्या उकाड्यात पूर्ण बाह्यांचं घालते. तो माणूस मला काहीही म्हणाला असता तरी मी दोन दिवसांत विसरले असते, हे मात्र मी विसरणार नाही.

आता पुढचं ऐक. समितीने दुसऱ्या दिवशी फळ्यावर नियम लावला. तो लिहिला सभ्य सचिवांनी. 'स्त्रियांची तपासणी' असे शब्द भर रस्त्यावरच्या फळ्यावर कसे लिहायचे म्हणून त्यांनी लाजून लिहिलं: 'ज्या कोणा स्पर्धकाविरुद्ध लेखी हरकत येईल, त्या स्पर्धकाने अनुभवी व निष्पक्ष व्यक्तीकडून तपासणी करून घ्यावी, अन्यथा नाव बाद होईल.' मी तो फळा जाता-येता चार वेळा वाचला. पाचव्या वेळी आमच्या इस्त्रीविभागातली माझी मैत्रीण (तिला सगळे 'वाफ' म्हणतात, कारण ती दिसण्याआधी ऐकू येते) माझ्या शेजारी उभी राहून म्हणाली की यात बाई हा शब्द कुठे आहे? आम्ही दोघींनी पुन्हा वाचलं. कुठेच नव्हता. आम्ही तिथून सरळ कागद आणायला गेलो.

दोन दिवसांच्या जेवणाच्या सुट्ट्या गेल्या, पण सात कारखान्यांच्या यादीतल्या एकूण एक पुरुषावर हरकत तयार झाली. बासष्ट. प्रत्येक वेगळी लिहिली, कारण मला कामात कुचराई आवडत नाही. रस्सीखेचीच्या संघनायकावर: 'मिशी विरळ, बहिणीच्या लग्नात हमसून रडल्याचे अनेकांनी पाहिले आहे.' शंभर मीटरवाल्यावर: 'कंबर बारीक, पापण्या लांब.' साबणाच्या व्यवस्थापकांवर (ते थाळीफेकीत आहेत, थाळी बहुतेक त्यांच्याच पायाशी पडते): 'कातडी तुकतुकीत, हात मऊ, फेक पाहता वाजवी शंका उत्पन्न होते.' आणि अध्यक्षांवर: 'जलद चालताना कंबर लचकते.' (जलद चालण्यात ती लचकावीच लागते, तो त्या खेळाचा नियम आहे, हे मला माहीत आहे. गोळाफेकीत खांदे लागतात हे त्यांनाही माहीत होतं.) न्याय तो न्याय म्हणून आमच्या ह्यांच्यावरही घेतली. ते बुद्धिबळात आहेत. वजन बावन्न, आवाज बारीक, नाटक बघताना रुमाल लागतो. ते दोन दिवस रुसले होते. मी म्हटलं, यातलं काय खोटं आहे? आणि काय वाईट आहे? मी तर त्यातल्या रुमालाकडे बघूनच लग्नाला होकार दिला होता. मग त्यांनी स्वतःच हरकतीवर 'मान्य' म्हणून सही करून दिली. असा माणूस मिळायला नशीब लागतं, पण हे त्यांना कळवू नकोस.

त्यानंतर गावात जे झालं ते तू पाहायला हवं होतंस. रस्सीखेचीच्या संघनायकाने पाच दिवसांत मिशी वाढवायला घेतली, ती डावीकडे आली आणि उजवीकडे आली नाही. शंभर मीटरवाला चहा मागतानासुद्धा घसा खाकरून खर्जात मागू लागला. एरवी थंड डोक्याचा एक भालाफेकवाला मला फाटकाशी भेटून कळवळून म्हणाला की वहिनी, मला तीन मुलं आहेत हो. मी म्हटलं, मला एक आहे, मी तिला समितीसमोर उभं केलं होतं, तुम्ही तिघांना करा आणि काय होतं ते मला येऊन सांगा. मला वाटतं बासष्टांपैकी त्या एकाला ते खरंच कळलं. दुसऱ्या दिवशी त्याने अध्यक्षांना जाऊन सांगितलं की तपासणी असेल तर मी भाला फेकणार नाही, आणि तपासणी फक्त बाईची असेल तरीही फेकणार नाही. साबणाची ती स्वागतकक्षातली मुलगीसुद्धा आली. माझ्या हातात हात देऊन म्हणाली की मला दुसरी यायला लाज वाटत नाही, पण अशी पहिली यायला वाटेल. तिला मी गोळा मानेशी कसा धरायचा ते दाखवलं. गालाशी धरून फोटो चांगला येतो, गोळा जात नाही.

मला मधल्या काळात तीन वेळा निरोप आले की तुम्ही एक साधं प्रमाणपत्र आणून द्या, आम्ही तुमची हरकत निकाली काढतो, तुम्ही बाकीच्या मागे घ्या. जन्माच्या वेळी तू हजर होतीस, म्हणून तुझ्याच सहीचं चालेल असंही कोणीतरी सुचवलं. मी नाही म्हटलं. तुला मी प्रमाणपत्र मागणार नाही आणि तू पाठवलंस तरी त्याची पुडी करून टाकीन. मी वजन उचलून दाखवायला तिथे जाते, मी कोण आहे ते पटवून द्यायला नाही. दहा मीटर चार सेंटिमीटर हे माझं प्रमाणपत्र. ज्याला खोटं वाटतं त्याने टेप घेऊन यावं.

कळावे. वडीलधाऱ्यांना नमस्कार, लहानांना आशीर्वाद, आणि तुझ्या गुडघ्याला थोडी अक्कल येवो.

तुझीच भाची
(हरकत प्रलंबित)

ता. क. १: एक सांगायचं राहिलं, आणि पत्र लिहायला बसले ती त्याचसाठी. समितीने विचारलं की एवढ्या बासष्ट लोकांना तपासणारी अनुभवी व निष्पक्ष व्यक्ती आणायची कुठून. मी तुझं नाव दिलं. चौतीस वर्षं प्रसूतिगृहात नर्स, समोर कोण आहे ते एका नजरेत सांगायची सवय, कोणाच्या विनवण्या ऐकण्यातली नाही. हातही बर्फासारखे गार असतात, हे मी विशेष नमूद केलं. तरी गुरुवारपर्यंत जाड भिंगांचा चष्मा घेऊन यावं. सुरुवात अध्यक्षांपासून आहे.

ता. क. २: पाकीट चिकटवणार तोच वाफ धावत आली. फळ्यावरचा नियम काढला! 'प्रशासकीय कारणास्तव' सर्व हरकती रद्द, माझ्यावरचीही. अध्यक्षांनी तुझं वर्णन ऐकून रात्र जागून काढली आणि सकाळी उठून सही केली म्हणतात. सुंठीवाचून खोकला गेला. म्हणजे तपासायला येण्याची गरज उरली नाही. पण तू ये. वर एवढा तोरा मिरवला, पण माझं जिंकणं अर्धंच आहे. लेक अजून मैदानावर येत नाही. मी तिला काय सांगू? मीच तर तिला तिथे उभं केलं. तू सांग. आणि येताना शाल घेऊ नकोस. घरातले जुने फोटो काढून पाहिले, मावशी. प्रत्येक फोटोत तू मागच्या रांगेत आहेस, नाहीतर कोणाचं तरी पोर खांद्यासमोर धरून उभी आहेस. मला इतकी वर्षं वाटायचं तुला मुलांची आवड आहे. तिला तुझे खांदे बघू देत. मलाही बघायचे आहेत.

ता. क. ३: पत्र पेटीत टाकायला लेकीकडेच दिलं. (पाकीट नीट चिकटलं नव्हतं, आणि ती आपल्या घरातली आहे.) ती ते वाचून परत घेऊन आली. म्हणाली, मावशीआजीला बोलाव, पण माझी समजूत काढायला नको, मला कोणाची लाज वाटलेली नाही. ती रोज पहाटे, मी उठायच्या आधी, एकटी मैदानावर जात होती. नावही तिने सोमवारीच दिलं होतं, फळ्यावर नियम होता तेव्हाच. मग माझ्याबरोबर का आली नाहीस, म्हणून विचारलं. ती म्हणाली, "तू तुझं प्रमाणपत्र कोणाला देत नाहीस ना? मग मला का दाखवलंस? मी तुझा पुरावा नाहीये, आई." मी तिची माफी मागितली. तिने लगेच दिली नाही, बघू म्हणाली. मावशी, रविवारी सकाळी नऊला तिची फेक आहे. माझा नंबर तिच्यानंतर आहे.